अपिलात सुटलात, आता नोकरी परत कशी मागायची: बेळगाव भागातल्या सरकारी नोकरदारांसाठी

खालच्या कोर्टात शिक्षा लागली, ऑफिसने नोकरीवरून काढलं, मग चार-पाच वर्षं अपील चाललं आणि शेवटी वरच्या कोर्टाने शिक्षा रद्द केली. घरच्यांना वाटतं झालं, आता सोमवारपासून कामावर. पण ऑफिसात गेलं की सेक्शनचा माणूस म्हणतो, "वो, आमच्याकडं ऑर्डर काही आली नाही की." आणि तो खोटं बोलत नसतो. कोर्ट तुमचा निकाल तुमच्या खात्याला पाठवतंच असं नाही, आणि पाठवला तरी बडतर्फीची ऑर्डर आपोआप मरत नाही. ती एका अधिकाऱ्याने सही करून काढलेली असते, तशीच सही करून मागे घ्यावी लागते, आणि ती मागे घ्या असं सांगणारा अर्ज तुम्हालाच करावा लागतो. खानापूर, निपाणी, चिक्कोडी भागातली किती तरी माणसं सुटल्यावर नुसती वाट बघत बसतात, "बोलावतील" म्हणून, आणि त्यात मुदत निघून जाते. तसं होऊ नये म्हणून हे सगळं सविस्तर लिहितोय. वकील लागणारच आहे, पण वकिलाकडं जाताना आपल्या हातात काय असावं आणि आपण काय मागायचं हे आपल्याला माहीत पाहिजे.

पहिलं काम: नोकरी नक्की कशामुळं गेली ते बघा

बडतर्फीची ऑर्डर काढा आणि शांत बसून वाचा. कन्नड वाचता येत नसेल तर वाचणाऱ्याला शेजारी बसवून ओळ न् ओळ वाचून घ्या, नुसता सारांश ऐकू नका. वर 'ओदलागिदे' म्हणून कागदपत्रांची यादी असते, मग 'प्रस्तावने', मग शेवटी 'आदेश'. यादीत फक्त कोर्टाच्या निकालाची तारीख आणि केस नंबर आहे, की चौकशी अधिकाऱ्याचा रिपोर्ट, चार्ज मेमो (खात्याने दिलेलं आरोपपत्र) असलंही काही आहे? आणि आदेशात नियम कुठला लिहिलाय? पुढचा सगळा रस्ता ह्याच्यावर ठरतो.

कारण असं, की सरकारी नोकराला चौकशी केल्याशिवाय काढता येत नाही हे संविधानाच्या कलम ३११(२) मध्ये आहे, पण त्यालाच एक अपवाद जोडलाय. फौजदारी गुन्ह्यात शिक्षा झाली असेल तर ज्या वागणुकीमुळं ती शिक्षा झाली तेवढ्यावर खात्याची चौकशी न करता काढता येतं. सुप्रीम कोर्टाने १९८५ च्या तुळसीराम पटेल केसमध्ये हा अपवाद पक्का केला. कर्नाटक सरकारच्या नोकरांसाठी हेच १९५७ च्या केसीएस सीसीए रूल्सच्या, म्हणजे राज्याच्या शिस्त व अपील नियमांच्या, नियम १४ मध्ये आहे. पोस्ट, इन्कम टॅक्स किंवा इतर केंद्राच्या ऑफिसात असाल तर १९६५ च्या सीसीएस सीसीए रूल्सचा नियम १९, रेल्वेत असाल तर १९६८ च्या रूल्सचा नियम १४. आणि आपल्याकडची बरीच माणसं चंदगड, गडहिंग्लजकडं महाराष्ट्र सरकारच्या नोकरीत आहेत, त्यांच्यासाठी महाराष्ट्राच्या १९७९ च्या शिस्त व अपील नियमांचा नियम १३.

तुमच्या ऑर्डरमध्ये फक्त कोर्टाची शिक्षा आणि हा नियम असेल तर तुमची बाजू भक्कम आहे. ज्या शिक्षेवर ऑर्डर उभी होती ती शिक्षाच राहिली नाही. पण ऑर्डरमध्ये खात्याची चौकशी होऊन आरोप सिद्ध झाले असं असेल तर गोष्ट वेगळी, तिथं नुसतं "कोर्टाने सोडलं" म्हणून चालत नाही, त्या चौकशीला वेगळं आव्हान द्यावं लागतं. काही ऑर्डरमध्ये दोन्ही असतंय, चौकशी पण आणि शिक्षा पण, आणि तिथं ऑफिसवाले नंतर सोयीचं तेवढं धरतात, म्हणून ही ऑर्डर वकिलाला दाखवताना पूर्ण दाखवा, शेवटचं पान नुसतं व्हॉट्सअपवर पाठवू नका.

तिसरा प्रकार म्हणजे काढलंच नाही, सस्पेंड करूनच ठेवलंय. ४८ तासांपेक्षा जास्त कस्टडी झाली की सस्पेन्शन मानलं जातंच. अशा माणसाला बडतर्फी रद्द करा म्हणून मागायची गरज नाही, सस्पेन्शन मागे घ्या आणि त्या काळाचा हिशोब करा एवढंच मागायचं.

निकालात नक्की काय लिहिलंय

"सुटलो" ह्या एका शब्दात बऱ्याच गोष्टी बसतात, आणि ऑफिसला त्यातली नक्की कुठली हे बघायचं असतं.

सगळ्यात चांगलं म्हणजे साक्षीपुरावा पूर्ण तपासून कोर्टाने म्हटलं, की गुन्हा घडल्याचं किंवा ह्या माणसाने केल्याचं दिसत नाही, आरोप खोटे आहेत. ह्याला कोर्टाच्या भाषेत सन्मानाने निर्दोष सुटणं म्हणतात. सुप्रीम कोर्टाने सांगितलंय, की हा शब्द कायद्यात कुठं व्याख्या करून ठेवलेला नाही, पुरावा पूर्ण बघून सरकारी पक्षाला आरोप अजिबात सिद्ध करता आला नाही असं निकालातून दिसलं पाहिजे. दुसरं म्हणजे संशयाचा फायदा. साक्षीदार फुटले, पंच उलटले, म्हणून सुटला. इथंही शिक्षा गेलीच, पण खातं पुढं म्हणू शकतं, की आम्ही आमची चौकशी करणार. मात्र निकालाच्या शेवटी "संशयाचा फायदा" एवढं दिसलं म्हणून घाबरू नका. डिसेंबर २०२३ मध्ये राजस्थानच्या एका पोलीस शिपायाच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय, की शेवटच्या ओळीतला शब्द नुसता धरू नये, आतली चर्चा वाचून ठरवावं. त्या केसमध्ये 'संशयाचा फायदा' असं लिहिलेलं असूनही आतला पुरावा बघून त्याला नोकरीवर परत घ्यायला लावलं.

तिसरा प्रकार तडजोड. मारामारी, चेक बाऊन्स असल्या केसमध्ये अपिलात समझोता होतो आणि कोर्ट सोडतं. कायद्याने त्याचा परिणाम निर्दोष सुटल्यासारखाच असतो, पण ऑफिसात त्याला वजन कमी मिळतं, आणि पैसे देऊन मिटवलं असं फाईलवर लिहिलं जातं. चौथा प्रकार तांत्रिक. उदाहरणार्थ लाचेच्या केसमध्ये खटला चालवायला लागणारी मंजुरीच बरोबर नव्हती म्हणून निकाल रद्द, किंवा केस परत चालवा म्हणून खाली पाठवली. परत चालवायला पाठवली असेल तर तुम्ही अजून सुटलेले नाही, आरोपी आहात, आणि तेव्हा बडतर्फी रद्द झाली तरी सस्पेन्शन परत येऊ शकतं. हे घरच्यांना आधीच सांगून ठेवा, नंतर धक्का नको.

इथंच अजून एक घोळ नेहमी होतो. अपील दाखल केल्यावर कोर्ट जामीन देतं आणि शिक्षा भोगणं थांबवतं. लोक म्हणतात "स्टे मिळाला". तो स्टे शिक्षेला असतो, दोषी ठरवण्याला नाही. दोषी ठरवणं स्वतंत्र थांबवायला वेगळं मागावं लागतं आणि ते फार क्वचित मिळतं, लाचेच्या केसमध्ये तर सुप्रीम कोर्टाने २००१ मध्येच सांगितलंय, की सहसा देऊ नये. म्हणून अपील चालू असताना खात्याने काढलं तर ते बेकायदेशीर होत नाही. १९९५ च्या नागूर मीरा केसमध्ये सुप्रीम कोर्टाने हेच म्हटलं, की अपिलाची वाट बघायची खात्याला गरज नाही. पण त्याच निकालात तुमच्या कामाचं वाक्य आहे, की पुढं अपिलात तो सुटला तर ऑर्डर केव्हाही बदलता येते, आणि कामावर परत घेतलं तर नोकरीत राहिला असता तर जे फायदे मिळाले असते ते त्याला मिळतील. अर्जात ह्या केसचं नाव घालायला विसरू नका.

कागद जमवा, आणि लगेच

निकालाची सर्टिफाईड कॉपी. ऑनलाईन डाऊनलोड केलेली प्रिंट ऑफिस घेत नाही. बेळगावच्या सेशन कोर्टाचा निकाल असेल तर तिथल्या कॉपी सेक्शनला अर्ज, हायकोर्टाच्या धारवाड बेंचचा असेल तर तिथं. दोन-तीन प्रती घ्याच, एक ऑफिसला जाते, एक पुढं ट्रिब्यूनलला (नोकरीच्या तक्रारी ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाला) लागते, एक घरात राहते. खालच्या कोर्टाच्या निकालाचीही कॉपी ठेवा, कारण वरच्या कोर्टाने काय काय खोडून काढलं ते दोन्ही शेजारी ठेवल्यावरच कळतं.

त्याशिवाय बडतर्फीची ऑर्डर, सस्पेन्शनची ऑर्डर, सस्पेन्शन भत्ता किती मिळाला त्याचे कागद, आणि हिंडलग्याला किंवा दुसऱ्या कुठल्या जेलमध्ये राहिला असाल तर आत गेल्याची आणि सुटल्याची तारीख असलेला दाखला. जेलचा काळ पगाराच्या हिशोबात वेगळा धरतात, तेव्हा तारखा नक्की पाहिजेत.

आणि सर्व्हिस रजिस्टर. त्याची झेरॉक्स मागा. दिली नाही तर माहिती अधिकारात अर्ज टाका, फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. कर्नाटकात एक लक्षात ठेवायचं, अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांच्या आत पाहिजे, नाहीतर तेवढ्यावर परत पाठवतात. सर्व्हिस रजिस्टरला एक अर्ज, फाईलवरच्या नोटिंगला दुसरा.

अर्ज: कुणाला, कसा, कुठल्या भाषेत

ज्या अधिकाऱ्याने काढलं त्यालाच अर्ज. समजा खानापूर तालुक्यातल्या सरकारी मराठी शाळेचे एक मास्तर आहेत. भावकीत बांधावरून मारामारी झाली, खानापूर कोर्टाने २०१९ मध्ये शिक्षा दिली, २०२० मध्ये नियम १४ खाली बडतर्फ केलं, आणि बेळगावच्या सेशन कोर्टाने १२ ऑगस्ट २०२४ ला निर्दोष सोडलं. त्यांच्या बडतर्फीवर डीडीपीआयची, म्हणजे जिल्ह्याच्या शिक्षण उपसंचालकांची, सही असेल तर अर्ज बेळगावच्या डीडीपीआयना, बीईओना (तालुक्याच्या शिक्षणाधिकाऱ्यांना) नाही. बीईओ ऑफिसला फक्त प्रत. मास्तर निपाणीचे असते तर चिक्कोडी शैक्षणिक जिल्हा वेगळा आहे, तिथल्या डीडीपीआयना. चुकीच्या टेबलवर दिलेला अर्ज वर्षभर तिथंच पडून राहतो आणि कुणी काही बोलत नाही.

आता भाषा. संविधानाच्या कलम ३५० प्रमाणे आपली तक्रार राज्यात किंवा देशात वापरल्या जाणाऱ्या कुठल्याही भाषेत देण्याचा हक्क आहे, म्हणजे मराठीत दिलेला अर्ज भाषेमुळं नाकारता येत नाही. हा हक्क आपला आहे आणि तो सोडायचा नाही. पण नोकरीचा प्रश्न आहे, फाईल पाच टेबलांवरून जाणार आहे आणि प्रत्येक टेबलवरचा माणूस ती कन्नडमध्ये नोट लिहूनच पुढं सरकवणार आहे, तेव्हा माझं मत स्पष्ट आहे, मूळ अर्ज कन्नडमध्ये किंवा इंग्रजीत द्या आणि हवा असेल तर मराठी अर्ज त्याला जोडा. भाषांतरासाठी म्हणून फाईल मागे राहायचं निमित्त द्यायचं नाही.

अर्जात मोठी कहाणी लिहू नका. मास्तरांच्या अर्जाचा गाभा असा असू शकतो: "मला अमुक तारखेच्या आदेशाने केवळ खानापूर न्यायालयाने दिलेल्या शिक्षेच्या आधारावर, खातेनिहाय चौकशी न करता, बडतर्फ करण्यात आले. सदर शिक्षा मा. सत्र न्यायालय, बेळगाव यांनी दि. १२ ऑगस्ट २०२४ च्या निकालाने रद्द करून मला निर्दोष मुक्त केले आहे. आदेशाचा आधारच उरलेला नसल्याने तो रद्द करून मला मूळ पदावर पुन्हा रुजू करून घ्यावे. तसेच बडतर्फीपासून रुजू होईपर्यंतचा काळ कर्तव्यकाळ धरून वेतन, वेतनवाढी, ज्येष्ठता व निवृत्तिवेतन याबाबत स्वतंत्र आदेश द्यावा." बघा, मागण्या दोन आहेत आणि दोन्ही वेगळ्या वाक्यात आहेत. दुसरी मागणी लिहिली नाही तर ऑफिस नुसतं कामावर घेतं आणि मधल्या वर्षांचं काहीच ठरवत नाही.

अर्ज हातात द्या, दुसऱ्या प्रतीवर इनवर्डचा शिक्का, नंबर आणि तारीख घ्या. शिक्का देत नाहीत तर त्याच दिवशी रजिस्टर पोस्टाने पाठवा. शक्यतो निकालाच्या महिन्याभरातच द्या. का ते पगाराच्या भागात येतंय.

ऑफिस म्हणेल, "सरकार वर अपील करणार आहे, तोपर्यंत थांबा." सरकारला सुटकेविरुद्ध हायकोर्टात जायला ९० दिवस असतात, हायकोर्टाच्या निकालाविरुद्ध सुप्रीम कोर्टात जायलाही तेवढेच. पण नुसतं अपील करण्याचा विचार आहे किंवा अपील दाखल झालंय म्हणून तुमची शिक्षा परत जिवंत होत नाही. वरच्या कोर्टाचा स्टे असेल तर तो दाखवा असं लेखी विचारा. आणि रुजू करून घेताना "अपिलाच्या निकालाच्या अधीन" असं लिहिलं तर त्याला विरोध करत बसू नका, कामावर हजर व्हा.

मधल्या वर्षांचा पगार

सगळ्यात जास्त मन दुखतं ते इथं, आणि वकील पण कधी कधी खोटी आशा लावतात, म्हणून सरळ सांगतो. निर्दोष सुटलं म्हणजे सगळा मागचा पगार मिळतोच असं नाही.

सुप्रीम कोर्टाने १९९६ मध्ये गुजरात वीज मंडळाच्या एका नोकराच्या केसमध्ये आणि नंतर जयपाल सिंग केसमध्ये फरक केलाय. माणूस स्वतःच्या खाजगी भांडणात केसमध्ये अडकला, खात्याचा त्यात काही हात नव्हता, तर खात्याने त्याला बाहेर ठेवलं ह्यात खात्याची चूक नाही, म्हणून काम न केलेल्या वर्षांचा पगार नाही. पण केस खात्यानेच लावली असेल, खात्याच्याच तक्रारीवर गुन्हा नोंद झाला असेल, तर वेगळा विचार होऊ शकतो. आपल्या मास्तरांची केस पहिल्या प्रकारची. तलाठ्यावर किंवा क्लार्कवर खात्यानेच अपहाराची तक्रार दिली आणि ती खोटी ठरली, तर ती दुसऱ्या प्रकारची, आणि तिथं पूर्ण पगारासाठी जोर लावून भांडायचं.

जयपाल सिंग केसचा शेवट मात्र नीट वाचा, कारण लोक "पगार नाही" एवढंच ऐकून येतात. त्या माणसाला मधल्या वर्षांचा पगार दिला नाही, पण निर्दोष सुटल्याच्या तारखेपासून पगार द्यायला सांगितला, आणि पगार सोडून बाकी सगळ्यासाठी ती वर्षं खंड न पडता नोकरीत धरायला सांगितली. म्हणजे मास्तरांना २०२० ते ऑगस्ट २०२४ चा पगार कदाचित मिळणार नाही, पण १२ ऑगस्ट २०२४ पासूनचा मागता येतो, जरी ऑफिसने प्रत्यक्षात २०२६ मध्ये रुजू करून घेतलं तरी. आणि मधल्या वर्षांची वेतनवाढ, ज्येष्ठता, पेन्शनची वर्षं तुटत नाहीत. रिटायर होताना ह्या सलग वर्षांची किंमत थकलेल्या पगारापेक्षा जास्त होऊ शकते, म्हणून पगारासाठी भांडताना ही वर्षं सोडून देऊ नका. अर्ज लवकर द्या म्हणालो तो ह्यासाठीच, तुम्ही दोन वर्षं मागितलंच नाही तर त्या दोन वर्षांचा दोष तुमच्यावर येतो.

नियम कुठला? कर्नाटकात केसीएसआरचा, म्हणजे कर्नाटक नागरी सेवा नियमांचा, नियम ९९, त्यात परत कामावर घेणाऱ्या अधिकाऱ्याने मधल्या काळाचा पगार किती आणि तो काळ ड्युटी धरायचा की नाही ह्याची स्पष्ट ऑर्डर काढायची असते. केंद्राच्या लोकांना मूलभूत नियम ५४, ५४-ए आणि ५४-बी. महाराष्ट्राच्या लोकांना निलंबन-बडतर्फीच्या काळातल्या पगाराच्या १९८१ च्या नियमांतले नियम ७० आणि पुढचे. पगार मिळाला तर त्यातून सस्पेन्शन भत्ता वजा होतो, आणि मधल्या काळात दुसरीकडं कमावलं असेल तर तेही. मास्तर घरी ट्यूशन घेत होते, कुणी उद्यमबागला कारखान्यात हिशोब लिहायला जात होतं, ते लपवू नका. खोटं प्रतिज्ञापत्र निघालं तर ती नवी केस होते, आणि एवढ्या वर्षांनी मिळालेली नोकरी परत जाते.

ऑफिस नवी चौकशी काढतंय

हे होऊ शकतं आणि कायद्याने चालतं. मार्च २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने कर्नाटक सरकार विरुद्ध उमेश ह्या केसमध्ये एका तलाठ्याबद्दल हेच सांगितलं. लाचेच्या केसमध्ये तो सुटला होता, पण खात्याच्या चौकशीत दोषी ठरून सक्तीने रिटायर केलं होतं, आणि ती शिक्षा कोर्टाने कायम ठेवली. कारण फौजदारी कोर्टात संशयापलीकडं सिद्ध करावं लागतं, खात्यात तेवढं लागत नाही. लाचेच्या, लोकायुक्ताच्या केसवाल्यांनी हा निकाल आपल्याविरुद्ध दाखवला जाणार हे धरूनच चालायचं.

पण ह्याचा अर्थ हात वर करायचे असा नाही. तीच घटना, तेच साक्षीदार, तोच पंचनामा, आणि कोर्टाने तो सगळा पुरावा खोटा ठरवला असेल, तर त्याच पुराव्यावर खात्याने वेगळा निष्कर्ष काढणं अन्यायाचं आहे असं सुप्रीम कोर्टाने १९९९ मध्ये आपल्याच राज्यातल्या कोलारच्या भारत गोल्ड माईन्सच्या केसमध्ये म्हटलंय, आणि वर सांगितलेल्या २०२३ च्या राजस्थानच्या केसमध्येही. चार्ज मेमो आला तर उत्तरात एक तक्ता जोडा, डावीकडं खात्याचा आरोप आणि साक्षीदार, उजवीकडं त्याच साक्षीदाराबद्दल कोर्टाने काय लिहिलं त्याचा पान नंबर. खूप जुन्या घटनेवर, काही कारण न देता वर्षांनंतर चौकशी काढली असेल तर उशिराचा मुद्दाही पहिल्याच उत्तरात घ्या. आणि चौकशीला हजर राहा. रागाने न गेलं की एकतर्फी होते, मग कुणी काही करू शकत नाही.

ऑफिस गप्प बसलं तर

अर्जाला उत्तर नाही, तर सहा महिने थांबायचं, आणि त्यानंतर एक वर्षाच्या आत ट्रिब्यूनल. नकार आला तर नकाराच्या तारखेपासून एक वर्ष. ही मुदत १९८५ च्या ॲडमिनिस्ट्रेटिव्ह ट्रिब्यूनल्स ॲक्टची आहे. आणि स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने ती वाढत नाही. दर महिन्याला स्मरणपत्र देऊन पोच फाईलला लावून ठेवणारी माणसं शेवटी मुदतीच्या बाहेर जातात, आणि ते बघवत नाही, कारण त्यांची बाजू खरी असते.

कर्नाटक सरकारच्या नोकराला केसॅट, म्हणजे राज्य प्रशासकीय ट्रिब्यूनल. त्याचं बेंच आता बेळगावलाच आहे, बेंगळूरला जायची गरज नाही. तिथल्या निकालावर धारवाडच्या हायकोर्ट बेंचकडं जाता येतं, ते बेंच २०१३ पासून कायमचं झालंय. पोस्ट, रेल्वे, एमएलआयआरसीमधले (मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या केंद्रातले) सिव्हिलियन नोकर ह्यांना कॅट, म्हणजे केंद्राचं प्रशासकीय ट्रिब्यूनल, बेंगळूर. महाराष्ट्र सरकारच्या लोकांना मॅट, म्हणजे महाराष्ट्राचं प्रशासकीय ट्रिब्यूनल, मुंबई. तिकडच्या फौजदारी अपिलांसाठी मात्र ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरलाच मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, चंदगडच्या माणसाला तेवढा प्रवास वाचला.

वायव्य कर्नाटक परिवहन किंवा हेस्कॉम वीज कंपनीचे लोक हे वाचत असतील तर लक्षात घ्या, महामंडळ आणि कंपनीच्या नोकरांना कलम ३११ थेट लागत नाही, तुमचे स्वतःचे रेग्युलेशन्स आहेत आणि रस्ता लेबर कोर्ट किंवा धारवाड बेंचचा. अपघाताच्या केसमध्ये शिक्षा होऊन काढलेल्या ड्रायव्हरला अपिलात सुटल्यावर अर्ज तसाच करायचा, फक्त नियमाचं नाव तुमच्या रेग्युलेशनचं. अनुदानित खाजगी मराठी शाळांच्या शिक्षकांचं अजून वेगळं, तिथं मॅनेजमेंटच्या ऑर्डरविरुद्ध कर्नाटक एज्युकेशन ॲक्ट १९८३ च्या कलम ९४ खाली शिक्षण अपील ट्रिब्यूनलकडं तीन महिन्यांत जायचं असतंय.

पैशाची अडचण असेल तर जिल्हा कायदेशीर सेवा प्राधिकाराकडं जा, १५१०० नंबरवर फोन करून विचारता येतं. महिला, एससी-एसटी ह्यांना उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो, बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे. वर्षानुवर्षं पगार नसलेल्या घराला ती मर्यादा बहुतेक आडवी येत नाही.

वय उलटून गेलं, किंवा माणूसच गेला

अपील चालू असतानाच साठ पूर्ण झाले तरी हक्क संपत नाही. प्रत्यक्ष खुर्ची मिळणार नाही, पण बडतर्फी रद्द करून रिटायरमेंटच्या तारखेपर्यंत नोकरी धरा आणि पेन्शन, ग्रॅच्युइटी, रजेचा पगार द्या असं मागायचं. बडतर्फीत मागची सगळी नोकरी आणि पेन्शन बुडते, म्हणून रिटायर व्हायचं वय झालं म्हणून अपील सोडून देणं फार महागात पडतं.

आणि अपील चालू असताना माणूस वारला तर घरच्यांनी हे नक्की वाचा. कैदेच्या शिक्षेविरुद्धचं अपील आरोपी मेल्यावर बंद होतं, पण बायको, मुलं, आई-वडील, भाऊ-बहीण ह्यांना ३० दिवसांच्या आत कोर्टाची परवानगी मागून ते पुढं चालवता येतं. जुन्या सीआरपीसीचं कलम ३९४, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४३५. दिवसकार्यात हे ३० दिवस कसे जातात कळत नाही, आणि वकिलाला बातमी द्यायलाच उशीर होतो. अपील पुढं चाललं आणि शिक्षा रद्द झाली तर बडतर्फी रद्द करून फॅमिली पेन्शन मागायचा रस्ता उघडतो. नाही चाललं तर कागदावर तो माणूस दोषी म्हणूनच राहतो आणि बायकोच्या हाताला पेन्शनचा रुपया लागत नाही. म्हणून वारल्याच्या पहिल्या आठवड्यात कुणीतरी एका माणसाने, दिर असो, मुलगा असो, मृत्यूचा दाखला घेऊन वकिलाला गाठायचं.

रुजू झाल्यावर

पहिल्या दिवशी हजर झाल्याचा रिपोर्ट लिहून द्या आणि त्याची पोच घ्या. मग मधल्या काळाची स्वतंत्र ऑर्डर निघाली का ते महिन्याभरात विचारा. निघाली की सर्व्हिस रजिस्टर समोर मागून बघा. बडतर्फीची नोंद ज्या पानावर आहे त्याच्या पुढं, कोर्टाच्या निकालाचा नंबर, रुजू करून घेतल्याची ऑर्डर, आणि अमुक ते अमुक तारीख ड्युटी धरल्याची नोंद साहेबांच्या सहीने आली पाहिजे. प्रत्येक वर्षाची वेतनवाढ वेगळ्या ओळीत चढली पाहिजे. एचआरएमएसवर (पगाराच्या सरकारी कॉम्प्युटर सिस्टीमवर) पगार जुन्याच टप्प्यावर अडकला असेल तर ही नोंद दाखवून दुरुस्त करून घ्यायचा, केजीआयडीचे (सरकारी विम्याचे) हप्ते आणि एनपीएसचे (नव्या पेन्शन योजनेचे) पैसे मधल्या काळात भरले गेले नाहीत त्याचं काय करायचं हे लेखी विचारायचं. ज्येष्ठता यादीत आपलं नाव जुन्या जागी आलंय का बघायचं, आणि मधल्या काळात आपल्यापेक्षा ज्युनियर माणसाला प्रमोशन मिळालं असेल तर त्या तारखेपासून आपलाही विचार करा म्हणून अर्ज द्यायचा. हे सगळं झालं की त्या पानांची झेरॉक्स काढून निकालाच्या सर्टिफाईड कॉपीबरोबर घरात ठेवा, पेन्शनचे कागद अकाउंटंट जनरलकडं जातील तेव्हा पहिला प्रश्न ह्याच वर्षांवर येणार आहे.